मलय आणि इंडोनेशियन साहित्य : इंग्रजी अनुवादांची दोनशे वर्षे

इंडोनेशिया, मलेशिया, ब्रुनेई आणि सिंगापूर या चारही देशांत राजमान्यता असलेली मलय भाषा मुळात मलाक्काच्या सामुद्रधुनीच्या दोन्ही तीरांवरील बंदरांची भाषा होती. अरब, गुजराती, तमिळ आणि चिनी व्यापारी जिथे जिथे उतरले तिथे तिथे तिने व्यवहाराचे काम केले आणि त्या ओघात ती सुमात्रापासून मोलुक्कासच्या मसाल्यांच्या बेटांपर्यंत पसरली. इंडोनेशियात जावानीज मातृभाषा असलेल्यांची संख्या कितीतरी अधिक असूनही, २८ ऑक्टोबर १९२८ रोजी बताविया येथे, म्हणजे आजच्या जकार्तात, तरुण राष्ट्रवाद्यांनी एक देश, एक राष्ट्र आणि एक भाषा अशी शपथ घेतली तेव्हा भाषा म्हणून त्यांनी मलयचीच निवड केली आणि तिला ‘बहासा इंडोनेशिया’ हे नाव दिले. त्यामुळे मलय साहित्य आणि इंडोनेशियन साहित्य यांचा विसाव्या शतकापूर्वीचा इतिहास बराचसा सामाईक आहे.

या साहित्याचा इंग्रजीत झालेला प्रवास १८२१ पासून मोजता येतो. कोणते पुस्तक इंग्रजीत जायचे हे या दोन शतकांत त्या पुस्तकाच्या साहित्यगुणावर क्वचितच ठरले. आधी साम्राज्याच्या कारभाराची गरज, मग शीतयुद्धाच्या काळातील राजकीय कुतूहल आणि अखेरीस जागतिक पुस्तक-बाजार यांनी ती निवड केली, आणि या निवडीत मलय परंपरेचा फार मोठा भाग बाहेरच राहिला.

ही गोष्ट अधिक बोचते ती अशासाठी की मलय साहित्य स्वतः अनुवादावरच पोसले गेले आहे. मलय लेखनाचा तारीख असलेला सर्वांत जुना पुरावा म्हणजे दक्षिण सुमात्रातील पालेम्बांगजवळ सापडलेला केदुकान बुकित शिलालेख; तो शके ६०५ चा, म्हणजे इसवी सन ६८३ चा असून पल्लव लिपीत कोरलेला आहे आणि त्याच्या मलय वाक्यांत संस्कृत शब्दांची दाटी आहे. तेराव्या शतकाच्या अखेरीपासून या बंदरांत इस्लाम स्थिरावला, तेव्हा अरबी लिपीला काही अक्षरांची जोड देऊन ‘जावी’ ही लिपी तयार झाली आणि अरबी व फारसी कथा मलयमध्ये येऊ लागल्या. पण त्यामुळे आधीच्या भारतीय कथा मागे पडल्या नाहीत, त्यांनी नव्या धर्माशी जुळवून घेतले. ‘हिकायत सेरी राम’ या मलय रामायणात रावणाच्या तपश्चर्येची दखल प्रेषित आदम घेतात आणि त्यांच्या मध्यस्थीने त्याला चार भुवनांचे राज्य मिळते, तर हनुमान हा रामाचाच पुत्र असतो. या कथेचे एक हस्तलिखित १६३३ मध्येच कँटरबरीचे आर्चबिशप विल्यम लॉड यांच्या संग्रहात दाखल झाले आणि ते आजही ऑक्सफर्डच्या बोडलियन ग्रंथालयात आहे. पंचतंत्राला तर मलयमध्ये येण्याच्या दोन वाटा सापडल्या : एक अरबी-फारसीतील ‘कलीला व दिमना’वरून आणि दुसरी, १८३५ मध्ये, थेट तमिळवरून. ‘हिकायत’ म्हणजे गद्यातील दीर्घ कथा, आणि ती दरबारात किंवा घरी मोठ्याने वाचून ऐकण्यासाठी असे, ही गोष्ट तिची शैली समजण्यासाठी लक्षात ठेवावी लागते.

जावा बेटावरील प्राचीन जावानीज काव्य हे याहून वेगळे आणि स्वतंत्र दालन आहे. संस्कृत वृत्तांत रचलेली ‘काकाविन’ महाकाव्ये, एम्पू कण्व यांचे अकराव्या शतकातील ‘अर्जुनविवाह’, माजापाहित राज्याचे वर्णन करणारे प्रपंच या कवीचे १३६५ मधील ‘देशवर्णन’ ही त्यातील ठळक नावे. त्यांचे इंग्रजी अनुवाद प्रामुख्याने विद्यापीठीय संशोधकांनी केले आहेत. येथे विषय मलयचा आहे.

अभिजात मलय गद्याचा मुकुटमणी ‘सेजारा मलायू’ होय. मलाक्काच्या सुलतानांची ही वंशकथा; मलाक्का १५११ मध्ये पोर्तुगीजांच्या हाती पडल्यावर जोहोर येथे आश्रय घेतलेल्या राजघराण्यात तिची जुळणी झाली आणि तिच्या १६१२ च्या पाठाचे कर्तृत्व परंपरेने तुन श्री लानांग या प्रधानाला दिले जाते. तिच्या प्रारंभीच्या भागात राजवंशाचा मूळ पुरुष आणि प्रजेचा प्रमुख देमांग लेबार दाऊन यांच्यात करार होतो : प्रजेने राजाशी कधी द्रोह करायचा नाही आणि राजाने प्रजेचा कधी उघड अपमान करायचा नाही, आणि राजानेच हा शब्द मोडला तर राज्य लयाला जाईल. पुढे सिंगापुरावर लांब, टोकदार चोचीच्या ‘तोडाक’ माशांचा हल्ला होतो. पाण्यातून उसळून येणारे हे मासे किनाऱ्यावरील माणसांना भोसकू लागतात, तेव्हा राजा लोकांना आपल्या पायांच्या नडग्यांची भिंत करून उभे राहण्याचा हुकूम देतो आणि माणसे मरत राहतात. मग एक मुलगा सुचवतो की, किनाऱ्यावर केळीची खुंटे रोवा. तसे करताच माशांच्या चोची केळीत रुतून बसतात आणि संकट टळते. परत जाताना दरबारी राजाच्या कानी लागतात की, इतक्या लहान वयात ज्याला इतकी अक्कल तो मोठेपणी काय करील, आणि राजा त्या मुलाला ठार करवतो. ग्रंथकार यावर प्रवचन करत नाही. त्या मुलाच्या रक्ताचा भार त्या भूमीवर राहिला एवढेच नोंदवून तो पुढे जातो, आणि काही प्रकरणांनंतर सिंगापूर पडते तेव्हा ज्याने आरंभीचा करार ध्यानात ठेवला आहे त्याला हिशेब आपोआप लागतो. दरबारात बसून राजाच्या अन्यायाविषयी लिहिण्याची ही रीत अत्यंत प्रगल्भ आहे.

या ग्रंथाचा पहिला इंग्रजी अनुवाद जॉन लेडन या स्कॉटिश वैद्याने व बहुभाषाविदाने केला. लेडन १८११ मध्ये, ब्रिटिशांनी जावा जिंकले त्या मोहिमेत, बतावियात मरण पावला आणि त्याचा मित्र टॉमस स्टॅमफर्ड रॅफल्स याच्या प्रस्तावनेसह तो अनुवाद १८२१ मध्ये लंडनमध्ये प्रसिद्ध झाला. सिंगापूरचे ठाणे वसवून रॅफल्सला तेव्हा दोनच वर्षे झाली होती, आणि ज्या प्रदेशात शिरकाव करायचा त्याचा इतिहास, कायदे आणि राजघराण्यांचे हक्क समजून घेणे ही ईस्ट इंडिया कंपनीच्या अधिकाऱ्यांची रोजची निकड होती. साहजिकच ‘सेजारा मलायू’ बातमी काढण्यासाठी वाचला गेला. त्यातील तोडाक मासे आणि सिकंदराचे वंशज ही भाबडी दंतकथा ठरली आणि विश्वसनीय सन-तारखा नाहीत हा ग्रंथाचा दोष मानला गेला. गद्य म्हणून त्याची चव इंग्रजी वाचकाला पोचायला १९५२ उजाडावे लागले. त्या वर्षी मलायातील प्रशासकीय सेवेत हयात घालवलेल्या सी. सी. ब्राउन यांनी, रॅफल्सच्याच संग्रहातील आणि आता लंडनच्या रॉयल एशियाटिक सोसायटीत असलेल्या एका जुन्या हस्तलिखितावरून केलेला अनुवाद प्रसिद्ध झाला, आणि बोलीतील मिस्किलपणा व म्हणींचा ठसका राखण्याची त्यांची धडपड त्यात पानोपानी दिसते.

रॅफल्सच्या संग्रहाचीच दुसरी बाजू मुन्शी अब्दुल्ला यांच्या आत्मकथनात सापडते. मलाक्कात १७९६ मध्ये जन्मलेले, अरब व तमिळ रक्ताचे अब्दुल्ला बिन अब्दुल कादिर हे तरुणपणी रॅफल्सचे लेखनिक होते, आणि मलय गावांतून हस्तलिखिते कशी मागवली, विकत घेतली व उतरवून घेतली जात, हे त्यांनी प्रत्यक्ष पाहिले होते. फेब्रुवारी १८२४ मध्ये रॅफल्स बेंकुलेनहून विलायतेस निघाला त्याच दिवशी त्याचे ‘फेम’ हे जहाज आगीत भस्म झाले आणि त्याने सोबत घेतलेला संग्रह समुद्रात गेला. अब्दुल्लांनी त्या हानीबद्दल मनापासून हळहळ व्यक्त केली आहे, कारण त्यातील कित्येक ग्रंथांच्या प्रती मागे गावांत उरल्या नव्हत्या. पंचतंत्र तमिळवरून मलयमध्ये आणले ते याच अब्दुल्लांनी. ‘हिकायत अब्दुल्ला’ १८४९ मध्ये सिंगापुरात शिळाछापावर निघाली. सामान्य माणसाने ‘मी’ म्हणून स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलेले जग सांगावे, राजांच्या जुलमावर नाव घेऊन टीका करावी, हे मलय गद्यात नवे होते. ए. एच. हिल यांचा तिचा संपूर्ण व टीपायुक्त इंग्रजी अनुवाद १९५५ मधला आहे.

‘फेम’ जळाले त्याच १८२४ मध्ये ब्रिटिश आणि डच यांच्यात करार होऊन सामुद्रधुनीच्या मधोमध रेघ ओढली गेली, द्वीपकल्प इंग्रजांकडे आणि सुमात्रा डचांकडे राहिले, आणि एकाच भाषेच्या लेखकांचे दोन वसाहतींत वाटप झाले. एकीकडे डच पद्धतीचे आणि दुसरीकडे इंग्रजी पद्धतीचे रोमन शुद्धलेखन रुजले. त्या दोहोंचा मेळ थेट १९७२ मध्ये घातला गेला.

कवितेच्या वाट्याला अनुवादात याहून चमत्कारिक नशीब आले. सोळाव्या शतकात सुमात्राच्या पश्चिम किनाऱ्यावरील बारूस या कापराच्या बंदराशी नाते सांगणारे सूफी कवी हम्झा फन्सुरी यांनी चार-चार चरणांच्या कडव्यांची दीर्घ रचना मलयमध्ये रुळवली, जिला पुढे ‘शाइर’ म्हणून ओळखले गेले, आणि कवितेत स्वतःचे नाव गुंफण्याची प्रथाही पाडली. १६३७ मध्ये सुरतेजवळच्या रांदेरचे नूरुद्दीन अर-रानीरी आचेच्या दरबारात आले. त्यांनी हम्झांच्या अद्वैताकडे झुकणाऱ्या मताला पाखंड ठरवले आणि त्या पंथाची पुस्तके जाळली गेली. तरीही हम्झांची कविता टिकली, आणि तिची चिकित्सक आवृत्ती इंग्रजी अनुवादासह १९८६ मध्ये निघाली.

लोककवितेचा खरा प्राण मात्र ‘पांतुन’. चार ओळी, पहिलीचे यमक तिसरीशी आणि दुसरीचे चौथीशी. पहिल्या दोन ओळींत निसर्गातले किंवा घरातले एखादे चित्र, जसे नदीच्या मुखाशी अडकलेली होडी किंवा विड्याच्या पानांचा वेल, आणि नंतरच्या दोन ओळींत मनातली गोष्ट. पहिल्या जोडीला ‘पेंबायांग’, म्हणजे सावली धरणारी, आणि दुसरीला ‘मक्सूद’, म्हणजे हेतू, असे म्हणतात. या दोन जोड्यांचा अर्थाने संबंध असतो की केवळ नादाने, यावर विद्वानांनी शतकभर वाद घातला आहे. पण जात्यावरच्या ओवीत पहिल्या चरणातले झाड किंवा वाट आणि पुढच्या चरणातला भाऊ यांचे नाते जिने ओवी गायली तिला विचारावे लागत नाही, तसेच हे आहे. चांगल्या पांतुनमध्ये पहिल्या जोडीचा नाद दुसऱ्या जोडीची अक्षरे आधीच सुचवून ठेवतो, आणि लग्नाच्या बैठकीत दोन पक्ष पांतुनने सवालजवाब करतात तेव्हा ऐकणाऱ्यांचे कान त्या सूचनेवरच लागलेले असतात. विल्यम मार्सडेन यांनी १८१२ च्या आपल्या मलय व्याकरणात पांतुनचे नमुने दिले, आणि १८२९ मध्ये व्हिक्टर ह्यूगोने आपल्या ‘पौर्वात्य’ कवितासंग्रहाच्या टीपांत एका साखळी-पांतुनचा फ्रेंच अनुवाद छापला. त्या एका नमुन्यावरून फ्रेंच कवींनी, आणि त्यांच्या मागून इंग्रजी कवींनी, ओळी पुन्हा-पुन्हा येणारा ‘पांतूम’ हा वृत्तप्रकार बनवला. युरोपने यातून ओळींच्या पुनरावृत्तीचा सांगाडा उचलला आणि दोन जोड्यांमधला तो अबोल दुवा, जो या कवितेचे सर्वस्व आहे, मागे सोडून दिला. पांतुनचा युनेस्कोच्या अमूर्त वारशाच्या यादीत समावेश २०२० मध्ये, इंडोनेशिया आणि मलेशिया यांच्या संयुक्त प्रस्तावावरून झाला.

आधुनिक कादंबरी डच सरकारच्या आश्रयाने वाढली. १९०८ मध्ये स्थापन झालेली लोकवाचन समिती १९१७ पासून ‘बालाई पुस्ताका’ हे सरकारी प्रकाशनगृह झाली, आणि शाळा शिकलेल्या देशी वाचकाच्या हाती ‘निरुपद्रवी’ पुस्तके पडावीत हा तिचा हेतू होता. त्या चौकटीतही मारा रुस्ली यांनी १९२२ मध्ये ‘सित्ती नुरबाया’ लिहून, पादांग शहरातील एका मुलीला बापाच्या कर्जापायी म्हाताऱ्या सावकाराच्या गळ्यात बांधण्याची कथा घराघरांत पोचवली. इंडोनेशियात शाळकरी मुलांनाही ठाऊक असलेली ही कादंबरी इंग्रजीत यायला २००९ साल लागले, म्हणजे मध्ये ८७ वर्षे गेली. सरकारी छापखान्याबाहेर, बाजारी मलयमध्ये, चिनी वंशाच्या लेखकांनी कथा-कादंबऱ्यांचा प्रचंड पसारा उभा केला होता. त्याला शुद्ध भाषेच्या कैवाऱ्यांनी साहित्यच मानले नाही आणि अनुवादकांनीही त्याची फारशी वास्तपुस्त केली नाही.

कवी खैरिल अन्वर यांना मात्र अनुवादक लवकर भेटला. १९२२ मध्ये मेदान येथे जन्मलेले आणि १९४९ मध्ये, वयाच्या सत्ताविसाव्या वर्षी, जकार्तात वारलेले खैरिल यांच्या कविता शंभरीही गाठत नाहीत, परंतु अलंकार झटकून टाकलेल्या त्यांच्या तुटक ओळींनी इंडोनेशियन कवितेचे वळण बदलले. ‘बेवुल्फ’चे प्रसिद्ध अनुवादक बर्टन रॅफेल यांनी १९६० च्या दशकात त्यांना इंग्रजीत आणले. इथली अडचण व्याकरणातच आहे : इंडोनेशियन क्रियापद काळ दाखवत नाही, तृतीयपुरुषी सर्वनाम ‘तो’ की ‘ती’ हे सांगत नाही आणि नामाला वचन लावलेच पाहिजे असे नाही, त्यामुळे मूळ कवितेत जे मोकळे असते ते इंग्रजीत अनुवादकाला बांधावे लागते.

राजकारणाने अनुवादाला दिलेल्या धक्क्यांत दोन प्रसंग विशेष आहेत. संपादक मोख्तार लुबिस सुकार्नो राजवटीत स्थानबद्ध असताना त्यांची जकार्तातील भ्रष्टाचारावरची कादंबरी १९६३ मध्ये क्लेअर होल्ट यांच्या अनुवादातून आधी इंग्रजीत प्रसिद्ध झाली आणि मूळ इंडोनेशियन संहिता स्वतःच्या देशात १९७० मध्ये निघाली. दुसरा प्रसंग प्रामुद्या अनंता तूर यांचा. १९६५ च्या सत्तांतरात त्यांना अटक झाली, त्यांचे ग्रंथालय व टिपणे नष्ट करण्यात आली आणि १९६९ ते १९७९ त्यांना खटल्याविना बुरू बेटावरील बंदीवसाहतीत ठेवले गेले. लिहिण्याची परवानगी नव्हती तेव्हा, १९७३ मध्ये, त्यांनी सोबतच्या कैद्यांना एक कथा तोंडी सांगायला सुरुवात केली. पुढे कागद मिळाल्यावर तिच्या चार कादंबऱ्या झाल्या. पहिली, ‘बुमी मानुसिया’, १९८० मध्ये प्रकाशित झाली आणि पुढच्याच वर्षी तिच्यावर बंदी आली. या कादंबरीतील न्याई ओंतोसोरोह हिला तिच्या बापाने चौदाव्या वर्षी एका डच मालकाला विकलेले असते. ती डच शिकते, साहेबाची गुरे आणि दुधाचा व्यवसाय सांभाळते, पण वसाहतीचे न्यायालय तिला पत्नीही मानत नाही आणि आईही मानत नाही. नायक मिंके डच शाळेत समतेचे धडे घेतो आणि घरी अधिकारी झालेल्या बापापुढे जमिनीवर सरपटत जाऊन उच्च जावानीज बोलतो. जकार्तातील ऑस्ट्रेलियन दूतावासातील अधिकारी मॅक्स लेन यांनी तिचा इंग्रजी अनुवाद केला आणि त्याची किंमत म्हणून त्यांना माघारी बोलावण्यात आले. देशात तर हे ग्रंथ विकल्याबद्दल योग्यकर्ता येथील तरुणांना तुरुंगवास झाला. सुहार्तो यांची सत्ता १९९८ मध्ये संपेपर्यंत प्रामुद्या आपल्या देशापेक्षा परदेशात अधिक मोकळेपणाने वाचले गेले, आणि बाहेरच्या वाचकासाठी इंडोनेशियन साहित्य म्हणजे प्रामुद्या एवढेच समीकरण उरले.

मलेशियात वाट वेगळी होती. १९५० मध्ये सिंगापुरात स्थापन झालेल्या ‘आसास ५०’ या लेखकसंघाने समाजासाठी साहित्य ही भूमिका घेतली आणि १९५६ पासून ‘देवान बहासा दान पुस्ताका’ या संस्थेने भाषेचा राष्ट्रीय संसार मांडला. शाहनोन अहमद यांच्या १९६६ च्या ‘रांजाऊ सेपांजांग जालान’ या कादंबरीत केदाह प्रांतातील भातशेतकरी लाहुमा याच्या पायात काटा रुततो, जखम चिघळून तो मरतो आणि सात मुलींसह शेत ओढता ओढता त्याच्या बायकोचे, जेहाचे, मन भ्रमिष्ट होते. आदिबा अमीन यांनी तिचा केलेला इंग्रजी अनुवाद १९७२ मध्ये निघाला. या पुस्तकाचे महत्त्व असे की अनुवादिका त्याच मातीतली होती आणि भाताच्या वाफ्याचा चिखल, खेकडे व पाखरांच्या धाडी तिला शब्दकोशात शोधाव्या लागल्या नाहीत.

निवडीचा अधिकार स्थानिकांच्या हाती संस्थात्मक रीतीने आला तो १९८७ मध्ये, जेव्हा गुनावान मोहमद, सापार्दी जोको दामोनो, उमर कायाम आणि सुबागिओ सास्त्रोवार्दोयो या चार इंडोनेशियन लेखकांनी अमेरिकन अनुवादक जॉन मॅक्‌ग्लिन यांच्यासह जकार्तात ‘लोंतार’ प्रतिष्ठान स्थापन केले. ‘सित्ती नुरबाया’चा इंग्रजी अवतार याच संस्थेचा. २०१५ च्या फ्रँकफर्ट ग्रंथमेळ्यात इंडोनेशिया सन्माननीय पाहुणा देश होता, आणि त्याच वर्षी कादंबरीकार एका कुर्नियावान यांच्या दोन कादंबऱ्या इंग्रजीत आल्या. त्यांपैकी ‘लेलाकी हारिमाऊ’ २०१६ च्या मॅन बुकर आंतरराष्ट्रीय पुरस्काराच्या लांब यादीत गेली, आणि २०२२ मध्ये नॉर्मन एरिकसन पासारिबू यांचा कथासंग्रह टिफनी त्साओ यांच्या अनुवादातून तिथे पोचला. या यशाचा आनंद रास्त आहे, पण पुरस्कारांच्या यादीत समकालीन कादंबरी आणि कथाच शिरतात; शेकडो कडव्यांचे शाइर, चिनी-मलय कथा आणि हस्तलिखितांतील हिकायती यांच्यासाठी अनुवादकाला वर्षानुवर्षे पोसणारी व्यवस्था अजून उभी राहिलेली नाही, आणि ती बाजारातून उभी राहणारही नाही.

मराठी वाचकाला हे साहित्य आज मुख्यतः इंग्रजीतूनच वाचावे लागते. त्याने प्रामुद्यांच्या चार कादंबऱ्या अवश्य वाचाव्यात, परंतु आधी ब्राउन यांचा ‘सेजारा मलायू’ आणि हिल यांची ‘हिकायत अब्दुल्ला’ हाती घ्यावी. बखरी आणि आत्मचरित्रे यांची गोडी असलेल्या वाचकाला ही दोन पुस्तके परकी वाटणार नाहीत, आणि प्रामुद्या ज्या भाषेत लिहितात तिच्यामागे केवढी जुनी, कसलेली गद्यपरंपरा उभी आहे हेही त्यातून कळेल.